आबांची रॉकेटं

आमच्या घरात रॉकेटं आली ती साड्यांच्या जुन्या सॅम्पल बुकात. कापडाचे चौकोनी तुकडे चिकटवलेलं ते जाड पुठ्ठ्याचं पुस्तक कुठल्याशा दुकानदाराने फेकून दिलेलं होतं. आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, ते उचलून सुरतेतल्या उधन्याच्या आमच्या खोलीत आणलं आणि तुकडे सोलून काढले. तुकडे मायच्या गोधडीत गेले. रिकाम्या पानांवर आबा वर्तमानपत्रातली कात्रणं चिकटवू लागले, फक्त रॉकेटांची आणि क्षेपणास्त्रांची. का, ते विचारू नका. कुणाला कबुतरांचा नाद असतो, कुणाला पत्त्यांचा. आमच्या आबांना हा होता.

पहिलं पान मला अजून पाठ आहे. माडांचा किनारा, कोळ्यांची वस्ती, आणि एक माणूस सायकलच्या कॅरिअरवर रॉकेटचं टोक बांधून निघालेला. बातमी ताजी नव्हती, रविवारच्या पुरवणीत जुनी आठवण म्हणून छापलेली होती. पण आबांचा सगळ्यात लाडका फोटो तोच. ते स्वतः सायकलवर कापडाचे ताके बांधून न्यायचे. "देख, आपला पार्सलवाला!" असं दर वेळी म्हणायचे आणि दर वेळी हसायचे.

पुढच्या पानांवर पूर्वेच्या किनाऱ्यावरचा मोठा तळ यायचा. तिथून उडून थोड्याच वेळात समुद्रात पडलेली रॉकेटं, मग न पडलेली, मग चंद्राकडे निघालेली. पडलेल्यांची कात्रणंही आबांनी तितक्याच निगुतीने लावली होती. मी एकदा विचारलं, ही कशाला ठेवायची? तर विणताना तुटणाऱ्या धाग्याचा दाखला देत म्हणाले, "तार तुटनी म्हनीसन कोनी ताका फेकस का?" मधली काही पानं क्षेपणास्त्रांची होती. चाचणीच्या दिवशी किनाऱ्यावरच्या गावकऱ्यांना घरं सोडून दिवसभर लांब जाऊन बसावं लागतं, हेही त्यात छापलेलं होतं. ती पानं आबा भराभर उलटायचे. "हाई कोनावर तरी पडाले जास," एवढंच बोलायचे.

आबा अमळनेरजवळच्या खेड्यातले. लग्नाआधी सुरतेला आले, लूमच्या खात्यात कारीगर म्हणून लागले, आणि तिथेच म्हातारे झाले. खातं म्हणजे लूमनी खच्चून भरलेली शेड. एकदा लूम सुरू झाले की तिथे तोंडाने बोलण्यात काही अर्थ नसतो, सगळा कारभार हातांनी चालतो. दोन तर्जन्या एकमेकींत अडकवून सोडल्या की तार तुटली. हात हवेत आडवा कापला की बंद. तळवा खाली धरून इकडून तिकडे फिरवला की ठीक चाललंय. आबा तर लूमच्या सांगाड्यावर नुसता तळवा टेकवून सांगायचे की आत काय बिघडलंय.

या खुणा घरातही आल्या. माय भाकरी थापता थापता हातानेच आबांना जेवायला बोलवायची. लहानपणी मला वाटायचं, सगळ्यांच्याच घरी असं असतं. म्हणूनच आबांचे कान नेमके कधी गेले ते आम्हाला कळलंच नाही. आम्ही सगळे आधीपासून खुणांनीच बोलत होतो. पुढे डॉक्टरांनी कानाचं मशीन दिलं. आबांनी ते आठवडाभर लावलं आणि डबीत ठेवून दिलं. "गोंगाट येस, तुमनं बोलनं येत नही," म्हणाले. मी त्यांच्याशी शेवटचं नीट बोलले ते शाळेत असताना. आता मी स्वतः शाळेत शिकवते, केस पिकायला लागलेत, आणि आबांना माझा आवाज आठवत असेल तर तो फ्रॉकातल्या पोरीचा.

टीव्हीवर रॉकेट उडताना आबा टीव्हीच्या कडेला तळवा लावून बसायचे. एकदा त्यांनी कुठेतरी वाचलं की तळाजवळ तो आवाज छातीत जाऊन लागतो. कात्रण माझ्यापुढे धरून म्हणाले, "तो तरी माले ऐकू यी." आयुष्यात त्यांनी माझ्याकडे काही मागितलं नव्हतं.

लोकांना बघण्यासाठी तिथे आता गॅलरी बांधली आहे. मी नाव नोंदवलं. उड्डाणाची तारीख दोनदा पुढे गेली, आम्ही दोनदा तिकिटं बदलली. "घरमानं ऐकू येत नही, नि समुद्रावरलं ऐकाले चालनात!" माय निघेपर्यंत म्हणत होती. पण दशम्या तिनेच बांधून दिल्या.

गाडी तीच, जिने आम्ही जन्मभर गावी गेलो. ती पुढे थेट त्या किनाऱ्याकडे जाते याचा आम्ही कधी विचारच केला नव्हता. अमळनेर जवळ आलं तसे आबा सवयीने उठले, पिशवी घेतली आणि दारात जाऊन उभे राहिले. मी शर्ट धरून त्यांना परत आणलं. गाडी सुटली, ओळखीचा फलाट मागे गेला, आणि आबा लहान मुलासारखे हसले. गाव ओलांडून पुढे जाण्याची त्यांची ही पहिलीच वेळ.

गॅलरीत पायऱ्या होत्या, पुढे लोखंडी कठडा. आम्हाला कठड्याजवळची जागा मिळाली. स्पीकरवर उलटे आकडे सुरू झाले तसे मी बोटं दाखवायला लागले. दहा, नऊ, आठ. आबांनी कठड्यावर तळवा टेकवला.

दूर झाडांच्या वर उजेड फुटला आणि त्यावर रॉकेट चढू लागलं. लोक उभे राहिले, ओरडायला लागले. आबांनी एकदा वर बघितलं, मग आजूबाजूच्या उघड्या तोंडांकडे बघितलं, मग माझ्याकडे. त्यांचा चेहरा हळूहळू उतरला. कठड्यावरचा हात त्यांनी काढून घेतला आणि हवेत आडवा कापला. बंद.

दर वर्षी मी सातवीच्या वर्गात घसा फोडून सांगते की वीज आधी दिसते, गडगडाट मागून येतो. आबांना मी पाण्याची बाटली, ओळखपत्र, टोपी, सगळ्याची आठवण करून दिली, आणि हे सांगायचं राहून गेलं! त्यांना वाटलं, सगळ्यांना ऐकू येतंय, फक्त आपल्याला नाही. मी "थांबा, थांबा" म्हणत होते. पण थांबा ही खूण आम्हाला येतच नव्हती. चालू लूमपुढे कोण कुणाला थांब म्हणणार? शेवटी मी त्यांचा हात ओढून कठड्यावर ठेवला आणि माझ्या दोन्ही हातांनी दाबून धरला. ते सोडवू बघत होते.

आणि मग तो आवाज आला. आधी कठडा थरथरला, मग पायाखालची पायरी, मग बरगड्या. आबांचा हात माझ्या हाताखाली एकदम स्थिर झाला. त्यांनी मान वर केली. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसायचं त्यांच्या ध्यानातही नव्हतं.

त्यांचे ओठ हलले. मला काही ऐकू आलं नाही, पण खात्यातल्या माणसाच्या मुलीला ओठ वाचता येतात. "उना," ते म्हणत होते, आला, "उना वं!" मग माझ्याकडे वळून त्यांनी विचारलं, "तुले बी उना का?"

मी जिवाच्या आकांताने ओरडले, "हो, आबा!" ते माझं मलाच ऐकू आलं नाही. मग मी तळवा खाली धरला आणि इकडून तिकडे फिरवला.