मध्यावरचा काटा

रविवार, १६ फेब्रुवारी १९७५. मोटारीची किंमत साडेसात हजार रुपये ठरली. त्यांतले पाच हजार मी त्याच दिवशी रोख दिले आणि उरलेले अडीच हजार दिवाळीला द्यायचे होते. व्यवहार हट्ट्याला, थोरल्या भावाच्या ओसरीवर झाला. हजर माणसं चार: दादा, वहिनी, मी आणि माझी बायको.

मी तेव्हा सत्तेचाळीस वर्षांचा होतो. हिंगोलीला राहायचो आणि गावोगावच्या सोसायट्यांचे हिशेब तपासायचो. एसटीनं गेलं की एका गावासाठी दिवस मोडायचा. दुपारची गाडी चुकली तर सोसायटीच्या ओट्यावर बसून संध्याकाळ काढावी लागायची. दादा कालव्याची छोटी कंत्राटं घेत. त्यांच्याकडं काळी, जुन्या बांधणीची मोटार होती आणि ती त्यांना काढायची होती. मला हवी होती. घरातल्या घरात काम झालं म्हणून सगळ्यांनाच बरं वाटलं.

माझं आयुष्य दुसऱ्यांचे आकडे पडताळण्यात गेलेलं. एखाद्या गटसचिवानं खताच्या पोत्यांचा आकडा सांगितला की मी गोदामात जाऊन पोती मोजायचो. पण दादांच्या गाडीचं बॉनेट मी उघडून पाहिलं नाही. वडील गेले तेव्हा मी सातवीत होतो. माझी शाळा आणि पुढचं परभणीचं शिक्षण दादांनी केलं. त्यांच्या अंगणात त्यांच्याच गाडीत वाकून बघणं म्हणजे त्यांच्या तोंडावर त्यांना खोटं म्हणणं झालं असतं. आमच्याकडं सख्ख्या भावाकडून बैल घेतला तरी त्याचे दात बघत नाहीत.

गाडी चालवायला दादांनीच शिकवली. समोरच्या पाटीवर दोन घड्याळं होती. एक पेट्रोलचं, दुसरं इंजिनातल्या पाण्याच्या गरमीचं. त्या दुसऱ्याला सगळे हीट मीटर म्हणत. डावीकडं थंड, उजवीकडं लाल पट्टा.

"हे बघ," दादा म्हणाले, "काटा मधी हाय तोवर डोळे झाकून चालव. लालवर गेला तर थांब. बाकी कायी बघू नको."

मी तसंच केलं. रोज सकाळी रेडिएटरचं झाकण काढून पाणी बघायचो आणि कमी असेल तर भरायचो. रस्त्यावर दर थोड्या वेळानं नजर त्या काट्याकडं जायची. तो मध्यावर असायचा.

एप्रिलच्या शेवटी सिद्धेश्वरच्या बाजूच्या एका सोसायटीचं काम आटोपून परत निघालो होतो. ऊन फार होतं. औंढा मागं पडलं आणि गाडी जड चालू लागली, कोणीतरी मागून धरून ठेवल्यासारखी. जळकट वास आला. मी काट्याकडं पाहिलं. मध्यावर. म्हणून थांबलो नाही. पुढच्या चढावर इंजिनातून लोखंडावर लोखंड आपटल्यासारखा आवाज झाला आणि गाडी जागेवर बसली. बॉनेटच्या फटींतून वाफ निघत होती. मी पुन्हा आत डोकावलो. काटा तेव्हाही मध्यावरच होता.

बैलगाडीला बांधून गाडी औंढ्यापर्यंत आणली आणि तिथून ट्रकमागं हिंगोलीला. मिस्त्रीनं इंजिन उघडलं. हेड तडकलं होतं, दोन पिस्टन जाम धरले होते. रेडिएटर आतून गाळानं चोंदला होता. पाणी होतं, पण ते फिरत नव्हतं. दुरुस्तीला एक हजार आठशे साठ रुपये लागले. हेडमध्ये पाण्याच्या वाटेवर अंगठ्याएवढी एक पितळी वस्तू बसवलेली असते. पाण्याची गरमी तीच तारेनं मीटरला कळवते. मिस्त्री तिला बल्ब म्हणायचा.

"काटा हिला नहीं ना साहब? तो बल्ब गया," असं म्हणून त्यानं नवा बल्ब घातला. त्याचे अडतीस रुपये वेगळे. जुना मी कागदात बांधून घरी आणला. बदललेला भाग परत मागून घ्यायची माझी सवय होती.

जूनमध्ये धाकट्या बहिणीच्या नातवाचं वसमतला बारसं होतं. सगळं गणगोत जमलेलं. जेवणं झाल्यावर पुरुष मंडळी बाजांवर बसली होती. कोणीतरी गाडीचं विचारलं.

दादा म्हणाले, "गाडी? माझ्याकडं चार वर्सं होती, कधी तकलीफ न्हाई. यानं दोन महिन्यांत इंजिन जाळलं. बिनपाण्याची पळवली असंल."

"पाणी मी रोज सकाळी बघायचो, दादा," मी म्हणालो.

"बघायचा! चोपडीत बघायचा का?"

सगळे हसले. बहिणीचे यजमान म्हणाले, "आमचे मेहुणे लोकांच्या सोसायटीत एक पोतं कमी भरलं तर रिपोर्ट लिहितेत. अन् स्वतःच्या गाडीत पाणी घालायचं राह्यलं!"

"आता तुमीच लिहा भाऊ तुमच्यावर रिपोर्ट," दुसरा कोणी म्हणाला.

बायको दारात सुपारीचं ताट घेऊन उभी होती. तिनं ते ऐकलं. दुरुस्त झालेली गाडी लांब न्यायचा धीर अजून होत नव्हता, म्हणून एसटीनं गेलो होतो; परतताना ती एवढंच म्हणाली, "एखाद्या दिवशी राह्यलं असंल का हो पाणी?" त्या हसण्यापेक्षा हे मला जास्त लागलं. माझ्यापाशी जमीन नव्हती, वाडा नव्हता. हा माणूस बघितल्याशिवाय सही करत नाही, एवढंच माझ्याविषयी लोक बोलायचे. ते आता माझी बायकोसुद्धा खात्रीनं म्हणत नव्हती.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी गाडीत जाऊन बसलो. कुठं जायचं नव्हतं. ज्या काट्यानं मला फसवलं तो बघायचा होता. गाडी दोन दिवस उभी होती, इंजिनाला हात लावला तर पत्रा थंडगार. मी किल्ली फिरवली, इंजिन चालू न करता. काटा सावकाश उठला आणि मध्यावर येऊन थांबला.

थंड इंजिन, नवा बल्ब, आणि काटा मध्यावर. मिस्त्रीनं मला रद्दी माल घातला, असं समजून मी तसाच गाडी घेऊन त्याच्या गॅरेजवर गेलो. मागून आणलेला जुना बल्बही खिशात होता.

"अडतीस रुपये घेऊन भंगार बसवलं तुम्ही," मी म्हणालो.

मिस्त्री तापला. "भंगार? साहब, मेरी दुकान में भंगार बाहर पड़ा रहता है, अंदर नहीं. अभी के अभी देख लो."

त्यानं नवा बल्ब खोलून काढला. एका मोडक्या जीपचं हीट मीटर फळीवर पडलं होतं, ते बॅटरीला जोडलं. मीटरची एक तार बल्बला, बल्बच्या अंगाची दुसरी तार बॅटरीला. मग बॅटरी आणि मीटर माझ्या हातात देऊन, बल्ब लोंबता धरून तो शेजारच्या हॉटेलात गेला आणि चहावाल्याच्या उकळत्या आधणात त्यानं तो बुडवला.

"अरे चाचा, काय करून राहिले? माझ्या गिऱ्हाइकाला ऑइलचा चहा पाजता का?" चहावाला ओरडला.

"तेरी चाय में आज पहली बार कुछ असली पड़ा है. चुप बैठ."

जीपच्या मीटरचा काटा डावीकडून निघाला, मध्य ओलांडून लाल पट्ट्यात गेला. बल्ब बाहेर काढून गार पाण्यात घातला, तसा काटा परत खाली आला. माल चांगला होता. मी खिशातला जुना बल्ब दिला. तो बुडवला. काटा तसाच वर गेला, तसाच खाली आला. जुनाही चांगला होता. तो बदलायची गरजच नव्हती.

मिस्त्री जरा खजील झाला, पण अडतीस रुपयांचं काही बोलला नाही. चहावाल्यानं आधण गटारीत ओतलं आणि त्याचे दोन रुपये माझ्याकडून घेतले.

आम्ही गाडीपाशी आलो. नवा बल्ब परत बसवून मिस्त्रीनं त्याची तार उपटून हातात धरली आणि मला किल्ली फिरवायला सांगितली. तार सुटलेली असली की काट्यानं डावीकडं पडून राहायला पाहिजे. तो मध्यावर आला.

"इसको बल्ब से कुछ लेना-देना ही नहीं," मिस्त्री म्हणाला. "पीछे कुछ है."

त्याचं पोट मोठं, म्हणून पाटीखाली मीच उताणा शिरलो. मीटरच्या मागं बॅटरीचा दिवा धरला. बल्बकडून येणारी तार मीटरपासून वीतभर अलीकडं कापलेली होती आणि तिच्या टोकाला काळी पट्टी नीट गुंडाळली होती. मीटरच्या त्या जागी रेडिओत असतो तसला, रंगीत पट्ट्यांचा, शेंगदाण्याएवढा रेझिस्टन्स डाख देऊन बसवला होता. त्याचं दुसरं टोक पत्र्याच्या स्क्रूला. एवढ्यानं मीटरला कायम असं वाटत राहणार की पाणी ना गार ना फार गरम. इंजिन बर्फात ठेवा की चुलीवर, काटा तिथंच.

मी तो उपटून काढला आणि मिस्त्रीनं हातात घेऊन पाहिला. "ये मेरा काम नहीं. मेरे पास टांका मारने का सामान नहीं. बेची किसने?"

"सख्ख्या भावानं."

त्यानं रेझिस्टन्स माझ्या हातात परत ठेवला. मग म्हणाला, "तार जोड़ देता हूँ साहब. काटा चलेगा. घर जाओ."

त्यानं तार जोडली. गाडी घरी आणेपर्यंत मी काट्याकडं बघत होतो. तो डावीकडून हळूहळू वर चढला आणि मध्याच्या थोडा अलीकडं थांबला. गाडी घेतल्यापासून चालत्या गाडीत तो हलताना मी पहिल्यांदा पाहिला.

हट्ट्याला जायच्या आधी मी स्वतःला बरंच समजावलं. दादांच्या ड्रायव्हरनं केलं असेल. आधीच्या मालकाचं असेल. दादा म्हणाले असते, "मला माहीत न्हाई," तर मी आणखी एक प्रश्नही विचारला नसता. मला तेवढं एक वाक्य हवं होतं.

दादा ओसरीवर होते. मी तो रेझिस्टन्स त्यांच्यासमोर सतरंजीवर ठेवला. त्यांनी तो उचलला नाही.

"सापडला व्हय," ते म्हणाले.

"तुमाला माहीत होतं?"

"माहीत काय, मीच बसवून घेतला. काटा सारखा लालवर जाऊन राहिला होता. दोघं गिऱ्हाईक काटा बघून परत गेले. मंग हे केलं. तिसरा आला, त्यानं बॉनेट उघडलं, पाण्याला हात लावला, तो बी गेला."

"अन् मग मला दिली. काहून?"

"तू उघडून बघणार न्हाईस, ठाऊक होतं."

हे त्यांनी साध्या आवाजात सांगितलं, शेताचा भाव सांगावा तसं. पुढं म्हणाले की कंत्राटाचं बिल अडकलं होतं, मजुरांचे पैसे द्यायचे होते, आणि उन्हाळ्याआधी मी रेडिएटर साफ करून घेईन असं त्यांना वाटलं होतं.

वहिनी चहा घेऊन आल्या होत्या. कप खाली ठेवत म्हणाल्या, "मी म्हणलं होतं यांना, घरातल्याला देऊ नका म्हणून."

म्हणजे त्या रविवारी ओसरीवरच्या चौघांपैकी दोघांना ठाऊक होतं. माझ्या बायकोच्या ओटीत वहिनींनी त्या दिवशी नारळ घातला होता.

"दादा, इंजिनाचं जाऊ द्या," मी म्हणालो. "वसमतला चारचौघांत तुमी म्हणले, यानं बिनपाण्याची पळवली. तुमाला तवा ठाऊक होतं. त्याच लोकांसमोर एकदा खरं सांगा. बस."

दादा पहिल्यांदा चिडले. "म्हंजे मेहुण्यासमोर मी खाली मान घालू? तुला शिकवलं ते याच्यासाठी? इंजिनाचे किती झाले? काप ना अडीच हजारातून. सगळे काप. पण ते बोलायला लावू नको."

"मला पैसे न्हाई कापायचे."

"मंग काय पायजे तुला?"

ते मी सांगितलं होतं. मी चहा न घेता उठलो. दादा मागून म्हणाले, "भावाभावात एवढं धरून ठेवत असते का रे?" मी गाडी चालू केली.

घरी येऊन बायकोला सगळं सांगितलं. ती म्हणाली, "मला वाटलं होतं, तुमचंच चुकलं असंल." मी म्हणालो, "ठीक आहे." नातेवाइकांना मात्र मी काही सांगितलं नाही. मी सांगितलं असतं तर आपलं झाकायला भावाचं नाव घेतो, असंच झालं असतं. ते दादांनी सांगायचं होतं. भाऊबीजेला वसमतला पुन्हा सगळे जमले. बहिणीच्या यजमानांनी विचारलं, "काय मेहुणे, पाणी घातलं का आज गाडीत?" दादा माझ्यासमोरच बसले होते. त्यांनी फराळाच्या ताटातली करंजी उचलली आणि दुसऱ्याशी कापसाच्या भावाचं बोलू लागले.

दोन दिवसांनी मी हट्ट्याला गेलो. अडीच हजार रुपये सतरंजीवर ठेवले. दादांनी मोजले, त्यांतले एकोणीसशे वेगळे काढून माझ्याकडं सरकवले. "इंजिनाचे हे घे."

"वसमतचं?"

"ते झालं गेलं."

मी ते एकोणीसशे परत त्यांच्या गड्डीवर ठेवले. ते घेतले असते तर दादांच्या लेखी सगळं मिटलं असतं. मग खिशातून लिहून आणलेली पावती काढली, तिच्यावर रेव्हेन्यू तिकीट चिकटवलं आणि पेन त्यांच्यापुढं धरलं. दादांनी माझ्याकडं पाहिलं.

"भावाकडून पावती?"

"सही करा."

त्यांनी केली. मी सही वाचून पाहिली, तारीख तपासली, कागद घडी करून खिशात ठेवला आणि निघालो.

मिस्त्रीला इंजिनाचे एक हजार आठशे साठ आणि बल्बचे अडतीस, आणि चहावाल्याला दोन रुपये गेले. दादांना ठरल्याप्रमाणे साडेसात हजार, पूर्ण.