धुऱ्यावरचा दिग्दर्शक

पुण्याहून निघताना माझ्या बॅगेत दोन शर्ट, एक प्रोजेक्टर आणि तीनशे पानांचं हस्तलिखित होतं. विषय: इटलीतला एक दिग्दर्शक. गृहस्थ विशीनंतर कायम रोममध्ये राहिले आणि सातही चित्रपट आपल्या गावच्या भातशेतीवर काढले. पंधरा दिवसांत पुस्तक छापायला जाणार होतं. दहा वर्षांत माझ्या हातून झालेलं हे एकच धड काम. छपाईआधी धान पिकवणाऱ्या मुलखात हे चित्रपट दाखवावेत आणि लोकांचे डोळे पाणावलेले पाहून प्रस्तावनेत चार ओळी लिहाव्यात, असा माझा उदात्त बेत होता.

भंडारा रोड स्टेशनवर उतरलो. तिथून ऑटो, मग पवनीची बस, मग आसगाव. बसमध्ये प्रोजेक्टर मांडीवर घेऊन बसलो होतो. शेजारच्या आजोबांनी विचारलं, ‘‘मिक्सर हाये का?’’ मी सिनेमाचं यंत्र असल्याचं सांगितलं. त्यांचा उत्साह तिथेच मावळला.

माझे कॉलेजमित्र मेश्राम गुरुजी इथल्या शाळेत शिकवतात. त्यांच्या घरी भात आणि लाखोळीच्या डाळीचे वडे इतके खाल्ले, की दुपारचं व्याख्यान बसून द्यावं लागलं. रोवणा (भाताची लावणी) नुकताच आटोपला होता, म्हणून बायकांना सवड होती. वीस-पंचवीस जणी आल्या. वर्गाच्या खिडक्यांना ताडपत्री लावली, भिंतीवर चादर ताणली. चादरीखालून जिल्ह्याचा जुना नकाशा डोकावत होता. गोंदिया वेगळा झाला, हे त्या नकाशाला अजून कोणी कळवलेलं नव्हतं.

‘मातीशी इमान’ या विषयावर मी अर्धा तास बोललो. दोघींना झोप लागली. मग माझ्या सातव्या प्रकरणाचा कणा असलेलं दृश्य सुरू झालं: लावणी करणाऱ्या बायका, ओळीनं, कॅमेऱ्याच्या दिशेनं येताहेत, चेहऱ्यावर ऊन. जागतिक सिनेमातलं सर्वांत प्रामाणिक दृश्य, असं मी लिहून ठेवलंय.

पहिल्या रांगेत कोणीतरी फिस्सकन हसलं. मग सगळा वर्ग हसायला लागला.

‘‘गुरुजी, ह्या बाया समोर काहून चालून राहिल्या?’’ शेवंताबाईंनी विचारलं. साठीच्या, गुरुजींच्या नात्यातल्या. ‘‘रोवलेलं तुडवून राहिल्या न बापा!’’

‘‘रोवणा मागे सरकत करतात,’’ गुरुजी माझ्या कानात म्हणाले. त्यांनाही हसू आवरत नव्हतं.

मी दिग्दर्शकाच्या बचावाला धावलो. त्यांचं बालपण त्या भातशेतीच्या गावातच गेलं, वडिलांची मोठी शेती होती, वगैरे.

‘‘मंग बरोबर हाये,’’ शेवंताबाई शांतपणे म्हणाल्या. ‘‘मालकाचा पोरगा धुऱ्यावर (बांधावर) उभा रायला असन. तिथून त्याले बायाइची पाठच दिसे. तोंड पायचं होतं, म्हणून चालवलं समोर.’’

तीनशे पानांत मला जे दिसलं नव्हतं, ते त्यांनी एका दृश्यात पाहिलं होतं. खरं सांगतो, मला रागच आला. एवढ्या लांब मी हे ऐकायला आलो नव्हतो.

पुण्याला परतल्यावर सातवं प्रकरण नव्यानं लिहिलं. ‘बारकाईनं पाहता माझ्या लक्षात येतं की...’ वाक्य छान जमलं होतं, म्हणून दोनदा मोठ्यानं वाचलं. दुसऱ्यांदा वाचताना शरम वाटली. आता धुऱ्यावर मीच उभा होतो. ते खोडून ‘आसगावच्या शेवंताबाईंनी दाखवून दिलं की’ असं लिहिलं आणि पाठवून दिलं.

प्रकाशकांचा लगेच फोन आला. ‘‘या शेवंताबाई कोणत्या विद्यापीठात असतात?’’

‘‘विद्यापीठात नाही. रोवणा करतात.’’

ते समजुतीच्या स्वरात म्हणाले, ‘‘मग त्यांचं नाव तळटीपेत घेऊ या.’’

‘‘तळटीपेत नको,’’ मी म्हटलं. ‘‘नाहीतर पुस्तक नाही निघालं तरी चालेल.’’

म्हटलं खरं, पण ते मला अजिबात चालणार नव्हतं.