देठ खाली धरा

मुली मला पाठीमागे ‘देठवाल्या मॅडम’ म्हणतात. म्हणू देत. पाचोऱ्याच्या कॉलेजात मी जीवशास्त्र शिकवते आणि फुलाचा धडा आला की पहिला अर्धा तास माझा पारा चढलेलाच असतो. कुणीही फूल हातात घेऊन बोलायला लागलं की मी ओरडते, “आधी देठ खाली धर! मग तोंड उघड!” पुढच्या बाकावरच्या हसतात. त्यांना वाटतं, बाईंना खूळ आहे. खूळ नाही, राग आहे, आणि तो मी स्वतःच्या प्रॅक्टिकल परीक्षेपासून सांभाळून ठेवलेला आहे.

मुद्दा तसा एवढासाच. फुलात मध्ये अंडाशय असतो, त्याचंच पुढे फळ होतं. पाकळ्या आणि पुंकेसर त्या अंडाशयाच्या बुडाखालून निघत असतील, तर अंडाशय वरचा. त्याच्या डोक्यावरून निघत असतील, तर खालचा. पुस्तकात दोन्हीच्या आकृत्या असतात आणि मुलं त्या रात्रंदिवस घोकतात. मी घोकल्या नव्हत्या. मला गरज वाटली नव्हती. तापीकाठी धुळे जिल्ह्यात आमची केळीची बाग, बांधाला भरताच्या वांग्यांच्या चार सऱ्या. फुलं मी पुस्तकात कशाला बघू?

आणि मला शिकवायला माय होती. शाळेचं तोंड तिनं दोन-तीन वर्षंच पाहिलेलं, पण केळीच्या बागेत ती बोलायला लागली की थांबायची नाही. केळीच्या प्रत्येक फळाच्या टोकाला वाळकं फूल चिकटून राहतं, ते वेळेवर खुडावं लागतं, नाहीतर सालीवर चट्टे पडतात. सुट्टीत आम्ही दोघी तेच करायचो. घड लोंबत असायचा, कोवळी केळी जमिनीकडे तोंड करून, आणि सगळ्यात खाली ती फुलं. माय एक एक खुडून ओटीत टाकायची आणि सांगायची, “देख, आते तोंड खाले शे. आठ दिनमा वर व्हई जाई.” खरंच व्हायचं. केळी हळूहळू वळून आभाळाकडे तोंड करायची. हे मला बोलता यायला लागल्यापासून माहीत होतं.

जळगावला मावशीकडे मेहरूणमध्ये राहून मी बी.एस्सी. करत होते. घरातली कॉलेजात गेलेली पहिलीच. वनस्पतिशास्त्र घेऊन पुढे जायचं हे माझं ठरलेलं होतं, आणि त्यासाठी पहिल्या वर्षाचं प्रॅक्टिकल सुटणं भाग होतं. परीक्षेच्या आदल्या रविवारी मी गावी जाऊन फुलं खुडून आले होते. केळीचा चीक एकदा बोटांना लागला की पंधरा दिवस काळा राहतो. बाहेरून आलेल्या परीक्षकांनी माझी बोटं पाहिली.

“शाई सांडली का?”

“नाही सर, केळीचा चीक.”

“अरे वा. मग तुला केळीचंच विचारू. अंडाशय कुठे?”

मी खूश झाले, मूर्खासारखी. म्हटलं, “सर, आधी वर असतो. मग केळं वळलं की खाली जातो.”

ते आमच्या सरांकडे वळून म्हणाले, “आधी वर, मग खाली! अंडाशय आहे की लिफ्ट?” अख्खी प्रयोगशाळा हसली. मग त्यांनी ट्रेमधलं वांग्याचं फूल दाखवलं. वांगं मी रोज बघत होते. टोपी वर, वांगं खाली. मी म्हटलं, “खाली.” तेही चूक. त्यांनी रेघ ओढली. “शेतकऱ्याची मुलगी ना तू? कमाल आहे.”

आमचे सर शेजारीच बसले होते. सगळं वर्ष त्यांनी मला शिकवलं होतं. ते जर्नलची पानं उलटत राहिले.

मी नापास झाले. प्रॅक्टिकल पुढच्या परीक्षेला पुन्हा द्यायचं होतं. जग बुडालं नव्हतं. पण त्या वयात हसू पचत नाही. निकाल घेऊन मी गावी आले ती तडक बागेत गेले. माय घडाखाली उभी होती. मी सगळं सांगितलं. ती आधी हसली आणि म्हणाली, “त्या सायेबनी केळना घड झाडवर देखेल शे का?”

किती बरोबर प्रश्न होता तो! आज मला तो सोन्याच्या मोलाचा वाटतो. तेव्हा मात्र माझं डोकं फिरलं. वड्याचं तेल वांग्यावर काढतात, तसं मी परीक्षकाचं मायवर काढलं. तेही आमच्या बोलीत नाही, जळगावच्या साफसूफ मराठीत. तिच्याशी मी तशी कधीच बोलले नव्हते. “तुझं ऐकलं म्हणून नापास झाले मी. तुला सगळं उलटंच दिसतं!”

तिनं ओटीतली फुलं बांधावर झटकली आणि पुढच्या झाडाकडे गेली.

पुन्हा परीक्षा द्यायची म्हणून महिनाभराने मी पुस्तक घेऊन वांग्याच्या सरीत बसले. एक फूल खुडलं आणि पानावरच्या आकृतीशेजारी धरलं, जुळेना. पुस्तकातलं फूल ताठ उभं होतं, देठ खाली, पाकळ्या वर. पानं उलटली. प्रत्येक फूल तसंच, ताठ. आमच्या वांग्याचं फूल मान खाली घालून असतं. मी ते उलटं करून देठ खाली धरलं, आणि अंडाशय पाकळ्यांच्या वर आला. मग केळीच्या घडातलं एक कोवळं केळं तोडून देठाकडून उभं धरलं. खाली केळं, त्याच्या डोक्यावर फूल. झालं. वर आणि खाली हे जमिनीपासून मोजायचं नव्हतं, देठापासून मोजायचं होतं! माझी दोन्ही उत्तरं चुकली होती ती एकाच कारणानं, आणि दोन्ही फुलं मी नीट पाहिली होती म्हणून. न बघता उत्तर देणाऱ्याचं निदान एक तरी उत्तर नशिबानं बरोबर येतं.

मी सरांना जाऊन विचारलं, हे तुम्ही वर्गात का सांगितलं नाही? ते सहज म्हणाले, “अगं, ते गृहीतच असतं.”

कुणाचं गृहीत? ज्यानं फूल कागदावरच पाहिलं त्याचं! केळीच्या पट्ट्यात आयुष्य काढलेल्या माणसाला तीन शब्द सांगायला काय पैसे पडत होते? तेव्हापासून मी ते तीन शब्द ओरडते आहे.

पुढच्या खेपेला मी पास झाले, शिकले, नोकरीला लागले. मायलाही समजावून सांगितलं, केळं हातात धरून, अगदी मॅडमसारखं. तू पाहिलं ते खरंच होतं, फक्त देठाकडून मोजायचं होतं, असं सांगितलं. ती ‘हां’ म्हणाली. चुकलं माझं, हे दोन शब्द मात्र मी बोलले नाही. परीक्षकानं माझी माफी मागावी असं मला वर्षानुवर्षं वाटत राहिलं, आणि स्वतःवर वेळ आली तेव्हा मी व्याख्यान देऊन मोकळी झाले. त्यानंतर बागेतलं काहीही विचारलं की तिचं उत्तर ठरलेलं असे, “तुन्हा पुस्तकमा देख.” मी ते थट्टेवारी नेत आले. मला तशी सोय होती.

यंदा हिवाळ्यात मी वर्गाला घेऊन आमच्याच बागेत गेले. बंद खोलीतल्या ट्रेमध्ये नाही, झाडावर बघू दे पोरींना. खरं सांगायचं तर मनात आणखी एक होतं. माय बोलेल, पोरी ऐकतील, आणि माझं राहिलेलं आपोआप फिटेल.

माय फुलं खुडत होती. एका घडाची खुडली, शेजारच्या घडाला बोटानं चाचपलं आणि तसाच सोडून ती पुढे गेली. एका मुलीनं ते बरोबर टिपलं. “आजी, हा का सोडला? ह्याची आज खुडायची आणि त्याची नंतर, हे बोटाला कसं कळतं?”

मायचा चेहरा उजळला. तिनं त्या पोरीचं बोट धरून केळाच्या टोकापर्यंत नेलं. तोंड उघडलं. मग तिला मी दिसले, पोरींच्या मागे उभी. तिनं बोट सोडलं.

“माले नका इचारू,” ती म्हणाली. रागानं नाही, अगदी साधेपणानं. “तुमना मॅडमले इचारा. माले बठ्ठं उलटं दिखस.”

पोरी वह्या उघडून माझ्याकडे वळल्या. बोटाला कसं कळतं, ते मला माहीत नव्हतं.