संगीताचे गाल

तुझ्याकडे एवढे किस्से येतात कुठून, असं मला सगळे विचारतात. येत नाहीत, आणावे लागतात. समोर रिक्षा थांबली की मी तांदूळ निवडायला ओट्यावर बसते.

समोरच्या संगीताचे डोळे पिवळे झाले. मी म्हटलं, कावीळच. सिद्धगडाच्या पायथ्याला माळ घालणाऱ्या बाबांकडे मीच तिला नेलं. माळ डोक्यावर ठेवायची, कावीळ उतरेल तशी ती लांबत खाली येते. माळ पार कमरेला आली, डोळे पिवळे ते पिवळेच. शेवटी बाबाच म्हणाले, "बाय, माझी माळ संपली. आता रक्त तपास."

*

मुरबाडला रक्त तपासलं, तिथून तिला मोठ्या दवाखान्यात पाठवलं. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "शरीराचे रखवालदारच चुकून तुमच्या लिव्हरवर तुटून पडलेत. रक्तातल्या लाल पेशीही फोडतायत."

"म्हंजे घरचीच मानसं तरास देतात," संगीता म्हणाली. "हे आमच्याकडं जुनंच हाय."

सासू शेजारीच बसली होती.

*

स्टेरॉइडच्या गोळ्या सुरू झाल्या. पिवळेपणा गेला, अंगात ताकद आली आणि गाल फुगले. म्हसा गावच्या जत्रेत एका बाईने तिला अडवलं. "कोणचं टॉनिक घेतेस गो? माझी सून लय बारीक हाय."

"आधी तिला माझं दुखनं घ्यायला सांग."

*

मग लेकीचं, प्राजक्ताचं लग्न ठरलं. संगीता हळूच मला म्हणाली, "फोटोत मी भोपळा दिसंन गो. म्हैनाभर गोळ्या बंद करते. कोनाला सांगू नको."

मनाने गोळ्या बंद केल्या तर जिवावर बेतेल, असं डॉक्टरीणबाईंनी माझ्यादेखत बजावलं होतं. मी कोणालाच सांगितलं नाही. फक्त आळीला सांगितलं.

संगीता पत्रिका द्यायला जाई, तर लोक पत्रिका हातात घेण्याआधी विचारत, "गोळी घेतली काय?" दूधवालाही विचारी. सासू तर गोळी गिळेपर्यंत समोर उभी राही.

संगीता माझ्याशी आठ दिवस बोलली नाही. पण गोळी एकही चुकली नाही.

*

लग्नात घरच्यांच्या आणि आळीतल्या बायांच्या फोटोला संगीता मागे सरकली आणि पदर गालावर ओढला. प्राजक्ताने तिला ओढून मधोमध उभं केलं. मग ती आजीच्या, म्हणजे संगीताच्या सासूच्या, कानात काहीतरी बोलली. आजी माझ्या कानात बोलली. पुढचं काम माझं.

फोटोग्राफर म्हणाला, "रेडी?"

पहिले गाल फुगवले ते सासूने, बिनदाताच्या तोंडाने. मग नवरीने, मग मी, मग सगळ्यांनी. संगीताने वळून पाहिलं आणि तिला हसू आवरेना.

तो फोटो आता तिच्या घरात टीव्हीवर लावलाय. सगळ्यांत बारीक तीच दिसते.