सहाव्या ओळीच्या पुढे

जर्मनीतल्या लाइपझिगच्या टीव्ही गुन्हेमालिकांमध्ये गेर्नोट विसनर आजवर एकोणीस वेळा मेला होता. कधी पोटात सुरा, कधी तलावात, कधी जिन्यावरून ढकललेला. मुडद्याच्या कामासाठी कॅमेरामन मुद्दाम त्याचंच नाव सुचवायचे, कारण मेल्यावर तो श्वास असा चोरायचा की अंगावरच्या चादरीचा धागा हलत नसे. मरायचं नसेल तेव्हा तो शेजारी असे, नाहीतर रखवालदार. "हो, मी त्यांना मंगळवारी पाहिलं होतं," एवढं म्हणायचं आणि दार लावून घ्यायचं.

तरुणपणी तो नायक होता. पण बर्लिनची भिंत पडली, पूर्व जर्मनीच्या सरकारी स्टुडिओनं सगळ्यांना घरी बसवलं, आणि गेर्नोटनं तीन वर्षं टॅक्सी चालवली. मग मिळतील ती छोटी कामं. त्यानं कधी नाक मुरडलं नाही.

आणि त्र्याहत्तराव्या वर्षी अचानक चार पानांचं भाषण वाट्याला आलं! निवृत्त ट्रामचालक आपल्या बागेतल्या लाकडी खोपटात बसून खुनाची कबुली देतो, पोलीस बाई नुसती ऐकते. सहा आठवडे त्याची बायको रोस्विता बटाटे सोलता सोलता तालमीपुरती पोलीस बाई झाली.

"अडलास तर कापतील हं," ती म्हणायची.

"माहीत आहे. सारखं सारखं सांगू नकोस."

तीच धास्ती त्यालाही होती. कापलं की पुन्हा मंगळवारचा शेजारी. या वयात दुसरी चार पानं कोण देणार?

चित्रीकरणाच्या सकाळी तिनं त्याला दोन मोजे एकावर एक घालायला लावले. खोपटात गारठा होताच. पहिला टेक छान सुरू झाला. सहा ओळी झाल्या आणि गेर्नोट थांबला. तोंड मिटून, शांतपणे.

दिग्दर्शिका येला आरेन्स एकतीस वर्षांची. ती त्याच्यापाशी येऊन उकिडवी बसली. "गेर्नोट, कानात छोटं यंत्र घालूया? ओळी कुणीतरी सांगत राहील. नाहीतर मधली दोन पानं काढते. कथेचं काही बिघडत नाही."

"विसरलो नाही गं, सगळं जिभेवर आहे. तीस वर्षं सहा ओळींच्या वर बोललोच नाही. सहा झाल्या की कुणीतरी 'कट' म्हणतं, म्हणून थांबलो."

तिला हसू आलं, पण नजर घड्याळावर होती. "अजून एकदाच. नाही जमलं तर कापते."

दृश्याचा आणि टेकचा आकडा लिहिलेली पाटी कॅमेऱ्यापुढे आली तसा दिवेवाला हाइको ओरडला, "दृश्य बावीस, टेक दोन! सगळे दोनच दोन! दारू लागली!" आकडे असे जुळून आले की नटानं सगळ्यांना घोटभर पाजायची, हा सेटवरचा जुना दंडक. "म्हातारा मुद्दाम चुकला रे, आपल्यासाठी!"

"पाजतो," गेर्नोट म्हणाला, "पण माझं बोलून झाल्यावर. मध्ये खुट्ट जरी केलंस तर विसावा मुडदा तुझा."

सगळे खदखदून हसले, आणि त्याचे आखडलेले खांदे सैल झाले.

सहावी ओळ झाली. जीभ क्षणभर अडली. कुणी 'कट' म्हटलं नाही. त्यानं समोरच्या पोलीस बाईकडे पाहिलं आणि सातवी ओळ म्हटली. मग आठवी. मग ओळी मोजायचं त्याच्या ध्यानातच राहिलं नाही. ट्रामच्या काचेवरचं धुकं, मेलेल्या भावाचा कोट, इतकी वर्षं गिळलेला राग, सगळं हलक्या आवाजात बाहेर आलं. संपलं तेव्हा पोलीस बाई झालेली नटी खरीच रडत होती. येला त्याच्यापाशी आली.

"पानं काढायची?" त्यानं विचारलं.

"एक शब्द काढणार नाही," ती नाक पुसत म्हणाली. "आता हेच जवळून घेऊ. मग दारातून."

"सगळं?"

"सगळं."

संध्याकाळपर्यंत त्यानं ती चार पानं आणखी पाचदा म्हटली, एकदाही न अडखळता. शेवटच्या खेपेला दिव्यामागे उभा राहून हाइको ओठ हलवत होता. त्यालाही पाठ झाली होती.