शेंगा, चाचाची म्हस आन् माझं पोट

आख्ख्या कोल्हापुरात माझ्याइतकं बदाम कुणाच्या हाताखालनं गेलं नसतील. हाताखालनंच गेलं, तोंडात एक बी न्हाय!

गादीवर तवा म्हाराज हुतं. म्हाराजांना कुस्तीचा नाद, म्हणून गावाला नाद, आन् गावाला नाद म्हणून मी बी तालमीत गेलतो. पयल्याच दिवशी एका पैलवानानं मला असा आपटला, की वस्ताद वरनं वाकून बघत म्हणालं, "रामा, तू बदाम वाट." तवापास्नं मी पैलवानांची थंडाई वाटायचो. (लोकांना मी 'तालमीत असतो' एवढंच सांगायचो. कुठं बसतो ते कशाला सांगा!)

तर माझी बायको सखू पयल्यांदा बाळंत व्हणार हुती. तिला माहेरी मुरगूडला न्यायला गाडी जुंपायच्या आदीच पोरगी आली. मग सासूच हिकडं आली. सासू म्हंजे माझी सख्खी मामी. खूश असली की मला 'जावईबापू' म्हणायची, बिनसलं की 'रामा'. लगीन झाल्यापास्नं माझं नाव रामाच हुतं.

मामीनं येताना डिंकाच्या लाडवांचा डबा आन् शेंगांचं पोतं आणलं.

"लाडू बाळंतिणीचं. शेंगा तुला. सखूनं एक दाणा बी खायचा न्हाय."

"का वो मामी?"

"अंगावर पाजणाऱ्या बाईनं शेंगा खाल्ल्या की दुधात उतरत्यात. पोरीच्या पोटात कळ येती."

"आन् लाडवातलं बदाम?"

"ते चालत्यात."

"ते उतरत न्हाईत व्हय?"

"उतरत्यात की!"

"मग?"

"मग काय मग? बदाम ते बदाम, शेंगा त्या शेंगा!"

आता मी बदाम वाटणारा माणूस. माझ्या डोस्क्यात हे काय बसंना. दुधाला कसं कळतंय, ह्याला आत घ्यायचं आन् त्याला न्हाय? पाट्यावर बदाम फिरवत मी ह्याच इचारात असायचो. एकदा तर थंडाईत साखरंच्या जागी मीठ पडलं. (ती थंडाई वस्तादांनी मलाच पाजली.)

दिवेलागणीला मी तालमीतनं घरी यायचो. बाळंतिणीच्या खोलीत बापयानं जायचं न्हाय, म्हणून उंबऱ्याभाईरनंच, अंगाला तालमीतली लाल माती फासून, मुंडकं आत घालायचो आन् आरोळी ठोकायचो, "कुठं हाय रं माझी वाघीण!" पैलवानाच्या घरी कसा आवाज पायजे! तर नेमकी त्याच टायमाला पोरगी भोकाड पसरायची. जी पसरायची, ती जेवणं हुईस्तवर थांबायची न्हाय.

"सखू, काय खाल्लंस तू?" मामी इचारायची.

"काय न्हाय ग आई. तुझीच खीर."

"मग पोटात कळ कशानं?"

मला वाईट वाटायचं. कारण दुपारी मामी पंचगंगेवर दुपटी धुवायला गेली की मी तालमीतनं सटकून चोरून खोलीत जायचो आन् सखूच्या बाजंवर बसून शेंगा खायचो.

"दोन दाणं द्या की वो," सखू म्हणायची.

"नगं. पोरीला बाधंल."

"वासानंच जीव चाललाय माझा!"

तिच्याम्होरं खाताना लई जिवावर यायचं. म्हणून मी डोळं मिटून खायचो. टरफलं बाजंखाली सारायचो.

एक दिवस मामीनं बाळंतिणीला शेक द्यायला निखाऱ्याची शेगडी बाजंखाली ढकलली, आन् भक्क करून धूर! सखू पोरीला घेऊन कोपऱ्यात उभी, मी भाईरनं घागर घेऊन आलो आन् शेगडीवर वतायची ती मामीवर वतली. धूर निवळला तर बाजंखाली टरफलांचा ढीग. निम्मी जळल्याली, निम्मी साबूत.

मामी भिजल्याल्या लुगड्यानं उभी राह्यली. बघितलं मातूर सखूकडं.

"म्हणून रडती व्हय पोरगी! आईला फसवलंस?"

"मी न्हाय खाल्ल्या!"

"मग काय पोरीनं खाल्ल्या?"

सखूनं माझ्याकडं बघितलं. मी आढ्याकडं बघितलं.

"ते काय न्हाय," मामी म्हणाली. "गाडी जुंपाय सांगा. पोरीला आन् नातीला मुरगूडला नेते. नात अंगावरनं सुटंस्तवर हिकडं धाडायची न्हाय!"

अंगावरनं सुटंस्तवर! म्हंजे दोन वर्सं! पोरगी परत यील तवा मला 'पावणं' म्हणंल की! आता सरळ म्हणायचं, 'मामी, शेंगा मी खाल्ल्या.' पर मामीच्या हातात तवा रिकामी घागर हुती. म्हणून मी निराळंच बोललो.

"मामी, शेंगा दुधात उतरत्यात ह्येच आदी खरं कशावरनं?"

"म्हशीला सरकी घातली की दुधाला लोणी चढतंय न्हवं?"

"मग म्हशीलाच इचारू!"

शेजारच्या हुसेनचाचाकडं चंद्री नावाची म्हस हुती. ठरलं असं : सांजच्याला चंद्रीला सूपभर शेंगा चारायच्या, सकाळी तिचं दूध मी प्यायचं. पोटात कळ आली तर सखू मुरगूडला. न्हाय आली तर सखू हितंच. निवाडा वस्तादांनी करायचा, कारण दुधातलं आन् पोटातलं त्यांच्याइतकं कुणाला कळत नव्हतं.

सांजच्याला मी गोठ्यात बसून शेंगा सोलाय लागलो.

"अरे, टरफलासकट घाल की!" चाचा वरडला. "तिला दात हाईत!"

"नगं चाचा. सखू काय टरफलं खाती व्हय? कसं, जसंच्या तसं पायजे."

चाचा कपाळाला हात लावून घरात गेला. मी एक मूठ चंद्रीला घातली. मग मनात आलं, दाणं कवळं हाईत का जून, बघाय नगं? एक मूठ मी खाल्ली. मग एक तिला, एक मला. पुढं पुढं चंद्री रवंथ करत बसली, आन् दोन मुठी मलाच.

सकाळी तालमीत वस्तादांम्होरं मी तांब्याभर दूध एका दमात प्यालो. मिशा पुसल्या.

"काय हुतंय?" वस्ताद म्हणालं.

"काय सुदिक न्हाय!"

दुपारी झालं. असं झालं, की मी हौद्यातल्या लाल मातीत गडाबडा लोळाय लागलो. पैलवान गोळा झालं. एक म्हणाला, "रामा मेहनत कराय लागला!" दुसऱ्यानं माझी पाठ मातीला लागल्याली बघून "चीत!" म्हणून टाळी वाजवली. जन्मात दुसऱ्यांदा चीत झालो, आन् ह्या टायमाला म्होरं गडी बी नव्हता! वस्तादांनी ववा चारला, पोटावर गरम विटकर ठेवली. त्या दिवशी मी घरी गेलोच न्हाय, तालमीतच पडून राह्यलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी वस्ताद मला धरून घरी घेऊन आलं. मी लोळल्याचं घरी आदीच कळलं हुतं; दारात गाडी उभी. सखू पोरीला दुपट्यात गुंडाळून बसल्याली, डोळं लाल.

"मामी, तुमचंच खरं," वस्ताद म्हणालं. "शेंगा दुधात उतरत्यात. गडी मरता मरता वाचला."

मामीनं लाडवांचा डबा उचलला. सखू मला हळूच म्हणाली, "आता तरी बोला की वो."

मी तोंड उघडणार, तवर हुसेनचाचा आला.

"ए रामा! ऱ्हायल्यालं दूध आमी सगळ्यांनी प्यालं. माझी चार नातवंडं प्याली. येकाला बी काय न्हाय झालं. तूच कसा लोळलास?"

सगळी माझ्याकडं बघाय लागली. वस्ताद. मामी. सखू. गाडीचं बैल सुदिक!

"त्यातल्या थोड्या शेंगा... मी खाल्ल्या," मी म्हटलं.

"किती थोड्या?"

"म्हशीनं थोड्या खाल्ल्या."

"आन् बाजंखालची टरफलं?" मामीचा आवाज बारीक झाला. (मोठा आवाज परवडला!)

"ती बी... माझीच."

वस्ताद माघारी तालमीकडं निघालं. मामीनं डबा खाली ठेवला, बैल सोडाय सांगितलं. मग पोत्यात हात घालून मूठभर शेंगा काढल्या आन् सखूच्या पदरात टाकल्या. "खा ग. म्हशीच्या दुधात उतरल्या न्हाईत, तर तुझ्या काय उतरतील!"

सखूनं पयली शेंग दातानं फोडली आन् माझ्याकडं बघत, डोळं उघडं ठेवून खाल्ली.

मी सुटलो. पर डोस्क्यातला किडा काय गप बसंना.

"मग मामी, पोरगी रोज दिवेलागणीला रडती ती कशानं?"

"काल न्हाय रडली."

"काल काय नवीन झालं?"

"काल तू घरात नव्हतास, रामा."