कपारीतला पवन्या

आमचं मराठी राज्य होऊन दोन-चार वर्षंच झाली होती. घरातून कॉलेजात गेलेला मी पहिलाच. बुलडाण्याला खोली करून राहायचो. आमचे एक सर रविवारी चार-पाच मुलांना दोर लावून कडे चढायला शिकवत. उन्हाळ्यात सह्याद्रीतल्या शिबिराला ते एकाच मुलाला नेणार होते. तो मी असावा, असं मला फार वाटे. धामणगाव बढ्याकडच्या आमच्या गावामागे चांगला कडा आहे, हे मी त्यांना भीत भीत सांगितलं. ते म्हणाले, "येत्या रविवारी येतो. पुढे तू चढ."

शनिवारीच मी घरी गेलो. भादव्यातली उघडीप होती. कपारींमध्ये पवन्या गवत दाटलं होतं. पाय घसरू नये म्हणून मी खुरप्यानं तीन कपारी मुळासकट साफ केल्या. खाली उतरलो तर उपटलेल्या ठोंबांपाशी माय उभी.

दर दिवाळीनंतर हे गवत मायच कापायची. प्रत्येक कपारीत एक ठोंब बियासाठी राखायची. तिच्या सासूनंही राखलेला. मला हे लहानपणापासून ठाऊक होतं. तरी त्या दिवशी आठवलं नाही.

"काऊन उपटलं रे?"

"पाय ठेवाले जागा केली."

"आन् म्हशीले काय तुया दोर खाऊ घालू?"

तिनं पदर खोचला, ओले ठोंब ओटीत घेतले आणि अनवाणी चढू लागली. मी पाण्याचा डबा पाठीला बांधून मागोमाग. दोन पाय आणि एक हात पक्का बसल्याशिवाय ती दुसरा हात सोडत नव्हती. सर महिनाभर आम्हाला हेच सांगत होते. एकेक ठोंब तिनं चिखलानं दाबून बसवला.

रविवारी सर बाकीच्या मुलांना घेऊन आले. कड्याकडे बघून म्हणाले, "वाट मोकळी दिसते. चल."

"सर, तिथं नको. गवत नुकतंच लावलंय."

"गवताले भ्याला बे हा," एकजण हसला.

"कुणी लावलं?" सरांनी विचारलं.

"मायनं. ती तिथं दोराशिवाय चढते."

सरांनी दोर उचलला. मग आम्ही बाजूच्या उघड्या खडकावर चढलो. तिथं पाय सुटून मी दोनदा दोरावर लटकलो. शिबिराला दुसरा मुलगा गेला. मला वाईट वाटलं, खोटं कशाला सांगू.

पुढच्या पावसाळ्यात तीनपैकी दोन कपारी पुन्हा हिरव्या झाल्या. दिवाळीनंतर मायनं विळा माझ्या हातात दिला. "वरचं तू काप. माये गुडघे दुखून राह्यले." मग भारा बांधायची दोरी माझ्या कमरेला बांधली आणि दुसरं टोक धरून ती कड्याखाली पाय रोवून बसली.

दोरी वर कशातच अडकवलेली नव्हती; पडलो असतो तर तिचा काही उपयोग नव्हता. एवढं मी शिकलो होतो. मी तिला ते सांगितलं नाही. बियाचे ठोंब राखत सावकाश वर चढलो.